मिठाचे कुंपण

कुंपणाने शेत खाल्ल्याची म्हण आपल्याकडे लहानथोरांच्या तोंडी आहे. परंतु एके काळी या देशात असे एक कुंपण उभे होते की, ते कोणा शेतकऱ्याच्या शेताभोवती नव्हते, तर साऱ्या हिंदुस्थानच्या छातीवर आडवे घातलेले होते, ही गोष्ट फार थोड्यांना ठाऊक आहे. सिंधू नदीपासून निघून पंजाब, दिल्ली, आग्रा, झांशी या मुलखांतून ते खाली आपल्या खानदेशाच्या शेजारी, तापीकाठच्या बऱ्हाणपुरापर्यंत येत असे. जकातीची रेषा तर त्याच्याही पुढे पूर्वेस महानदीपर्यंत गेलेली होती. १८६९ साली या रेषेची लांबी २,३०० मैलांच्या घरात होती आणि तिच्यावर सुमारे १२,००० माणसे पहारा करीत होती. हा पहारा कोणा परचक्राविरुद्ध नव्हता. सोनेनाणे किंवा दारूगोळा अडविण्यासाठीही नव्हता. गरिबाच्या भाकरीवर पडणारे चिमूटभर मीठ जकात न भरता पलीकडे जाऊ नये, एवढ्यासाठी तो होता.

इतिहास म्हणजे राजेरजवाड्यांच्या लढाया, अशी समजूत शाळेत करून दिलेली असते. आमचे शिक्षण शाळेत थोडे आणि युनियनच्या कचेरीत व सार्वजनिक वाचनालयात अधिक झाले. त्यामुळे कोणत्याही मोठ्या बांधकामाची हकीकत वाचली की, ते बांधले कोणी, त्यांना पगार काय मिळे आणि त्याचा भार कोणाच्या पाठीवर पडला, हे प्रश्न आमच्या मनात आधी उभे राहतात. मिठाच्या कुंपणाकडेही आज याच दृष्टीने पाहावयाचे आहे. चोरटा माल कसा पकडावा आणि कसा थांबवावा, हा प्रश्न जुना झालेला नाही. सरहद्दीवर, बंदरावर, तुरुंगाच्या दारात तो आजही आहे. या प्रश्नाची एवढी मोठी, एवढी खर्चिक आणि एवढी बोलकी परीक्षा जगात क्वचितच झाली असेल.

या रेषेचा प्रारंभ ईस्ट इंडिया कंपनीच्या अमदानीत झाला. १८०३ पासून बंगालकडे रस्त्यांवर जकातीची नाकी बसू लागली. मिठाची मक्तेदारी कंपनीच्या हाती होती आणि बाहेरचे स्वस्त मीठ आत येऊ देणे तिला परवडणारे नव्हते. पुढे १८३४ मध्ये स्मिथ नावाचा अधिकारी या कामावर आला. किरकोळ उत्पन्नाच्या जिनसांवरील जकाती काढून टाकून मिठावर सारे लक्ष एकवटावे, असे त्याचे धोरण होते. १८४३ मध्ये अंतर्गत जकातीचे स्वतंत्र खाते निघाले. तुटक तुटक नाकी जोडली जाऊन त्यांची रांग झाली, रांगेची रेषा झाली, आणि १८६९ च्या सुमारास ती सलग करण्यात आली.

आता मिठावरच एवढा डोळा का, हे समजून घेतले पाहिजे. मीठ श्रीमंताला लागते तेवढेच गरिबाला लागते. किंबहुना उन्हातान्हात घाम गाळणाऱ्याला ते अधिकच लागते. धान्य महाग झाले तर माणूस अर्धपोटी राहतो, कपडा महाग झाला तर फाटका नेसतो. परंतु मिठावाचून कोणालाच राहता येत नाही. म्हणून मिठावरचा कर हा कोणालाही न चुकणारा कर होय. त्यातून प्रत्येक प्रांतात त्याचा दर निराळा होता. उत्तरेकडे मणामागे तीन रुपये, बंगालकडे सव्वातीन रुपये, आणि मुंबई व मद्रास इलाख्यांत १८६९ नंतर एक रुपया तेरा आणे. पश्चिमेस राजपुतान्यात सांभर सरोवराचे मीठ निघे, त्यावर तर इंग्रजांचा कर मुळीच नव्हता. जिथे रेषेच्या अलीकडे वस्तू स्वस्त आणि पलीकडे महाग, तिथे माणसे ती वस्तू पलीकडे नेणारच. पाणी उताराकडे वाहते, तसा माल भावाकडे वाहतो. सरकारने आधी हा उतार स्वतःच्या हाताने तयार केला आणि मग पाणी अडविण्यासाठी बांध घातला.

या रेषेचे काम कसे चाले ते पाहण्यासारखे आहे. सारी रेषा ११० गस्तीच्या टप्प्यांत वाटलेली होती आणि तिच्यावर १,७२७ चौक्या होत्या. वाहतुकीच्या रस्त्यांवर कुंपणाला दारे ठेवलेली असत. व्यापाऱ्याने आपले बैल, उंट, गाड्या त्या दारापाशी आणावयाच्या, मालाचे वजन करून द्यावयाचे, जकात भरावयाची आणि दाखला घेऊन पुढे जावयाचे. या दाखल्याला रवन्ना म्हणत. साखरेवरही जकात होती, पण ती उलट्या दिशेने पश्चिमेकडे जाताना घेतली जाई. दोन चौक्यांमधल्या उघड्या मुलखात शिपायांनी रात्रंदिवस गस्त घालावयाची. थोडक्यात, दारापाशी झडती आणि दारांच्या मध्ये भिंत, अशी ही दुहेरी योजना होती.

ही भिंत विटांची नव्हती, काट्यांची होती. प्रारंभी बोरीच्या काटेरी फांद्या तोडून आणून, खुंट्यांनी आवळून त्यांची सुकी वई रचीत. परंतु एका मैलास अडीचशे टन काटे लागत. वाळवी, उंदीर, वणवा आणि वादळ यांनी वर्षाकाठी निम्मे काम वाया जाई. १८६७ मध्ये ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम या खात्याचे कमिशनर झाले. मेलेले कुंपण राखण्यापेक्षा जिवंत कुंपण वाढवावे, असे त्यांनी ठरविले. बाभूळ, बोर, करवंद, निवडुंग, शेर अशी त्या त्या मातीत जगणारी झाडे निवडली. जिथे माती नापीक तिथे चर खणून दुसरीकडची माती भरली, आणि पावसाचे पाणी मुळांपाशी जिरावे म्हणून बांध घातले. उत्तम वाढलेले कुंपण दहा ते चौदा फूट उंच आणि सहा ते बारा फूट रुंद असे. १८७८ पर्यंत ४११ मैलांवर असे पुऱ्या जोमाचे जिवंत कुंपण उभे राहिले. उरलेल्या ११०० मैलांवर कुठे कच्चे कुंपण, कुठे सुकी वई तर कुठे दगडी गडगा होता. ग्रँट डफ यांनी या रेषेला जगात चीनच्या भिंतीखेरीज उपमा नाही, असे म्हटले होते.

आता ज्यांनी हे काम केले त्यांच्याकडे वळू. १८६९ या एकाच वर्षात या खात्याच्या माणसांनी वीस लाख घनफूट माती खणली आणि दीड लाख टनांवर काटेरी झाडोरा वाहून आणला. हे काम करणारे मजूर निराळे आणि पहारेकरी निराळे, असे नव्हते. जो गस्त घाली तोच कुंपणही राखी. शिपायाला महिना पाच रुपये पगार होता. शेतमजुराला महिन्याकाठी तीन रुपयांच्या आसपास मिळत, तेव्हा या पाच रुपयांसाठी माणसे येत. परंतु काम बारा तासांचे, निम्मे दिवसा आणि निम्मे रात्री. गाव दूर, बायकापोरे दूर, आणि साथीला ताप. एका वर्षाच्या हिशेबात आठशेंवर माणसे नोकरीतून कमी झाल्याची नोंद आहे. त्यांतली ११५ मेली, २७६ काढून टाकली गेली, ३० पळून गेली आणि ३६० रजेवर गेली ती परतलीच नाहीत. ज्या नोकरीत रजेवर गेलेला माणूस परतत नाही, ती नोकरी कशी असेल हे कोणाही कामगाराला निराळे सांगावयास नको.

येथे थोडा हिशेब करून पाहू. मणावर तीन रुपये जकात आणि शिपायाचा पगार पाच रुपये. म्हणजे पावणेदोन मण मीठ ज्याने डोळ्यांदेखत जाऊ दिले, त्याने सरकारचा बुडविलेला पैसा त्याच्या महिन्याच्या पगाराहून अधिक झाला. एक मण म्हणजे चाळीस शेर, आजचे सुमारे सदतीस किलो. एका उंटावर असे कितीतरी मण मावतात. एका रात्री दहा उंट जाऊ द्यावयाचे की नाही, हा निर्णय पाच रुपयांच्या माणसावर सोपविलेला होता. पकडलेल्या मालाच्या विक्रीतून पहारेकऱ्यांना वाटा मिळे. हेतू हा की, त्यांनी लाच न घेता माल पकडावा. परंतु त्यातून नवीच युक्ती निघाली. काही ठिकाणी चोरीचे मीठ आपणच ठेवावयाचे, आपणच शोधून काढावयाचे आणि बक्षीस घ्यावयाचे, असे प्रकार झाले. चोर मिळाल्यावर पैसे मिळणार असतील, तर चोर निर्माण करणारेही निघतात.

मीठ पलीकडे नेणारेही स्वस्थ बसले नव्हते. कोणी अंधारात कुंपणावरून पिशव्या पलीकडे फेकी आणि दुसरा त्या उचली. कोणी कुंपणाची कच्ची जागा हेरून मिठाने लादलेले उंट व गुरे एकदम आत घुसवी. कुठे टोळ्या हत्यारे घेऊन येत. १८७७ च्या सप्टेंबरात दोन पहारेकऱ्यांनी ११२ जणांच्या टोळीला अडविण्याचा प्रयत्न केला आणि दोघेही मारले गेले. त्यांचे शौर्य खोटे नव्हते. परंतु ज्या करासाठी त्यांनी प्राण दिले, तो कर त्यांच्याही घरच्या मिठावर होताच.

शिक्षेचे आकडे पाहा. १८६८ साली २,३४० माणसांना चोरट्या मिठाबद्दल शिक्षा झाली. १८७३-७४ मध्ये हा आकडा ३,२७१ झाला आणि १८७७-७८ मध्ये ६,०७७. कुंपण वाढत होते, उंच होत होते, दाट होत होते आणि त्याबरोबर गुन्हेगारांची संख्याही वाढत होती. दंड सरासरी आठ रुपयांचा असे. तो भरता आला नाही तर सुमारे सहा आठवड्यांचा तुरुंगवास. शेतमजुराच्या जवळजवळ तीन महिन्यांच्या मजुरीएवढा हा दंड. तो कोण भरू शके आणि तुरुंगात कोण जाई, हे उघड आहे.

झडतीचा हा स्वभाव आम्ही फार जवळून पाहिला आहे. आमची युनियन असलेल्या एका कारखान्यात पाळी सुटली की, फाटकावर प्रत्येकाची अंगझडती होई. जेवणाचा डबा उघडावयाचा, खिसे उलटे करावयाचे, पायांतल्या वहाणा काढावयाच्या. पावसात रांग लागे, घरी जाण्याची गाडी चुके. तांब्याची तार चोरीस जाते, असे कारण सांगत. पुढे तारेच्या चोरीचा उलगडा झाला तेव्हा असे दिसले की, ती डब्यातून जात नव्हती. मालमोटारीतून, सहीशिक्क्याच्या पासाने, दिवसाढवळ्या जात होती. आणि त्या मोटारीची झडती कोणी घेत नव्हते. झडती घेणारा पहारेकरी ठेकेदाराचा माणूस, आमच्या हेल्परपेक्षाही कमी पगाराचा. मोठ्या साहेबाची सही पाहिल्यावर त्याने मोटार थांबवावी तरी कशी? शेवटी युनियनने मागणी केली की, झडती घ्यावयाची तर फाटकातून जाणाऱ्या प्रत्येकाची घ्या, साहेबाच्या मोटारीचीही घ्या. तसे ठरल्यावर झडती आपोआप सभ्य झाली.

मिठाचे कुंपण पडले ते चोरांनी पाडले म्हणून नव्हे, की पहारेकऱ्यांनी संप केला म्हणूनही नव्हे. १८६९-७० मध्ये या रेषेने मिठावर सव्वा कोट रुपये आणि साखरेवर दहा लाख रुपये मिळवून दिले व तिच्यावर सव्वासोळा लाखांच्या आसपास खर्च झाला. म्हणजे सरकारच्या दृष्टीने हा धंदा तोट्याचा नव्हता. परंतु व्यापार अडत होता, रेल्वे वाढत होती, आणि या पद्धतीला राक्षसी म्हणण्याची पाळी खुद्द सर जॉन स्ट्रॅची यांच्यासारख्या सरकारी अधिकाऱ्यावर आली होती. उपाय निघाला तो असा. सांभर सरोवर सरकारने जयपूर व जोधपूर संस्थानांकडून भाड्याने घेतले. इतर संस्थानांशीही करार करून मीठ जिथे पिकते तिथेच ताबा मिळविला. मग कर आगरावरच घ्यावयाचा आणि निरनिराळ्या प्रांतांतले दर एकमेकांच्या जवळ आणावयाचे. दरांतला उतार गेला तशी चोरट्या नफ्याची वाट बुजली. १ एप्रिल १८७९ रोजी ही रेषा मोडण्यात आली. सिंधूकाठचा थोडा भाग तेवढा पुढेही राहिला. दहा वर्षे हजारो माणसांच्या घामाने वाढविलेले कुंपण दराच्या एका फेरबदलाने निरुपयोगी झाले.

तथापि हा सुधारणेचा पोवाडा समजून टाळ्या वाजविण्याचे कारण नाही. दर सारखे करावयाचे म्हणजे उत्तरेचे उतरवून दक्षिणेचे चढवावयाचे, असा मार्ग धरला गेला. मुंबई व मद्रास इलाख्यांतला मणामागील कर एक रुपया तेरा आण्यांवरून अडीच रुपयांवर नेण्यात आला. १८७६ ते ७८ च्या दुष्काळाने महाराष्ट्र व मद्रासचा प्रदेश होरपळून निघाला, त्याच वेळी ही वाढ आली. कुंपण उत्तरेत पडले आणि त्याची किंमत दक्षिणेतल्या उपाशी माणसांनी मिठातून भरली. १८८२ मध्ये कर दोन रुपयांवर आला, १८८८ मध्ये पुन्हा अडीचवर गेला. १९०२ मध्ये नामदार गोखले यांनी कायदे कौन्सिलातील आपल्या पहिल्याच अंदाजपत्रकावरील भाषणात या कराचा समाचार घेतला. कर चढला की गरिबांचे मीठ खाणे कमी होते, हे त्यांनी आकड्यांनिशी मांडले. त्यानंतर १९०३, १९०५ आणि १९०७ या साली कर क्रमाने उतरत एक रुपयावर आला.

काट्याचे कुंपण गेले तरी कायद्याचे राहिले. १८७८ च्या करारान्वये गोव्यातील पोर्तुगीज हद्दीतल्या मिठावरही इंग्रजांनी ताबा मिळविला. तो १८९२ पर्यंत चालला. समुद्रकाठच्या माणसाने खाजणात आपसुक साचलेले मीठ खरवडले तरी तो गुन्हा ठरे. दांडीला ६ एप्रिल १९३० रोजी मूठभर मीठ उचलले गेले. आणि त्याच वर्षी आपल्या शिरोड्याला व वडाळ्याच्या मिठागरांवर हजारो माणसे लाठ्या खात पुढे गेली, त्याचे कारण हेच. ज्या ह्यूमसाहेबांनी मिठाचे कुंपण वाढविले, तेच १८८५ मध्ये मुंबईत काँग्रेसच्या स्थापनेत पुढे होते. आणि पंचेचाळीस वर्षांनी त्याच काँग्रेसने मिठाचा कायदा मोडला. मिठावरचा कर गेला तो १९४७ साली.

कोणी म्हणेल, हे परकीय राज्याचे झाले, स्वराज्याचे काय? स्वराज्यात मिठाची जागा सोन्याने घेतली. १९६३ च्या जानेवारीत सुवर्णनियंत्रणाचे नियम आले, चौदा कॅरटांवरचे नवे दागिने घडविण्यास बंदी झाली आणि सोनारांच्या घरच्या शेगड्या विझल्या. १९६८ मध्ये त्याचा कायदा झाला. परंतु सोन्याचा सोस काही कमी झाला नाही. आखातातून गलबतांनी सोने कोकण किनाऱ्याला लागू लागले, जाकिटांत शिवलेली दहा तोळ्यांची बिस्किटे मुंबईत उतरू लागली, आणि त्या पैशावर टोळ्या पोसल्या गेल्या. १९९० मध्ये तो कायदा रद्द झाला, १९९२ मध्ये परदेशातून येणाऱ्या भारतीयांना जकात भरून सोने आणण्याची मुभा मिळाली, आणि या धंद्याचा कणा मोडला. २०१३ मध्ये जकात दहा टक्क्यांवर आणि २०२२ मध्ये पंधरा टक्क्यांवर गेली, तेव्हा विमानतळांवर पुन्हा सोने पकडले जाऊ लागले. २०२४ च्या जुलैत ती सहा टक्क्यांवर आणली गेली. मिठाच्या वेळचा धडा दीडशे वर्षांनी पुन्हा गिरवावा लागला.

परंतु यावरून नाकी उठवा, पहारे काढा, असा निष्कर्ष कोणी काढू नये. सगळा चोरटा माल मीठ नव्हे. १९९३ च्या आरंभी रायगड जिल्ह्यातील शेखाडीच्या किनाऱ्यावर स्फोटके उतरली आणि १२ मार्चला मुंबईत २५७ माणसे प्राणास मुकली. या खटल्यात कस्टम खात्याचे काही अधिकारीही दोषी ठरले. चांदीसोन्याच्या वेळी ज्यांना पैसे घेऊन डोळे मिटण्याची सवय लागली, त्यांचे डोळे स्फोटकांच्या वेळीही मिटलेलेच राहिले. आमच्या मते खोट्या कुंपणाचे सर्वांत मोठे पाप हे आहे. गरिबाच्या मिठावर किंवा सोनाराच्या सोन्यावर पहारा करता करता पहारेकरी विकला जातो, आणि खऱ्या विषाच्या वेळी दारावर कोणीच उरत नाही.

तुरुंगाची कथा निराळी नाही. १८९४ च्या तुरुंग कायद्याच्या ४२ व्या कलमाने निषिद्ध वस्तू आत नेणे हा गुन्हा ठरविला. तेव्हा विडीकाडी आत जात असे, आता मोबाईल जातात. भिंत उंच आहे, झडती आहे, यंत्रे आहेत. तरीही माल आत जातो. कारण चौदा फुटी काट्यांप्रमाणेच तुरुंगाच्या भिंतीलाही दार असते आणि दारात माणूस असतो. भेटीला आलेल्या म्हाताऱ्या आईची पुरचुंडी तीनदा उघडली जाते, पण आतल्या धनवंताच्या सोयी कोणत्या वाटेने जातात याची चौकशी क्वचितच होते.

आज बंदरांवर पेट्या न उघडता आतला माल दाखविणारी क्ष-किरणांची यंत्रे आहेत, वास घेणारी शिकविलेली कुत्री आहेत. ही साधने चांगली आहेत आणि ती हवीत. माणसाच्या अंगाला हात न लावता तपास होत असेल तर ती सुधारणाच होय. परंतु यंत्राने दाखविलेले चित्र पाहणारा आणि कुत्र्याची साखळी धरणारा माणूसच असतो. त्याला पोटापुरता पगार, माणसासारखी पाळी आणि वरिष्ठाच्या सहीलाही थांबविण्याचे संरक्षण नसेल, तर यंत्रे ही ह्यूमसाहेबांच्या करवंदीच्या जाळ्यांहून फार निराळी ठरणार नाहीत.

म्हणून कोणत्याही बंदीविषयी नागरिकांनी तीन प्रश्न विचारावेत, असे आम्हांला वाटते. अडविला जाणारा माल माणसाला घातक आहे, की केवळ कराने महाग केलेला आहे? पहाऱ्यावरच्या माणसाला आपण काय देतो? आणि झडती कोणाची होते, डोक्यावर पाटी असलेल्याची की पास असलेल्याची? मिठाच्या रेषेला हे तीन प्रश्न पुरेशा लोकांनी वेळेवर विचारले असते, तर ती एवढी वर्षे टिकली नसती.

त्या कुंपणाचा आज जवळजवळ मागमूस उरलेला नाही. रॉय मॉक्सहॅम नावाच्या एका इंग्रज गृहस्थांनी मोठ्या चिकाटीने त्याचा शोध घेतला, तेव्हा उत्तर प्रदेशातील इटावा जिल्ह्यात त्यांना त्याचा थोडासा अवशेष सापडला. याच इटाव्याला ह्यूम पूर्वी कलेक्टर होते. बाकी ठिकाणी शेतकऱ्यांनी जमीन नांगरून टाकली, कुठे त्या जुन्या बांधावरूनच रस्ते गेले. चौक्यांवर मेलेल्या त्या शिपायांची आणि दंड भरता न आल्यामुळे तुरुंगात गेलेल्या हजारो माणसांची नावे मात्र कोणाला ठाऊक नाहीत. निदान त्यांची ही हकीकत आपल्या गावात चार माणसांच्या कानी पडली, एवढ्यानेही हे व्याख्यान सार्थकी लागले असे आम्ही समजू.